टीव्हीतला भोंगा आणि कुवेतच्या काचपेट्या

वर्धाकाठ (धागाकर्ता)

८ मे २०२५ च्या रात्री आमच्या आईने गाय सोडली, तिथून हा धागा सुरू होतो.

नीट सांगतो. आमचं गाव पुलगावच्या दारूगोळा डेपोपासून जवळच. ३० आणि ३१ मे २०१६ च्या मधल्या रात्री डेपोत आग लागून स्फोट झाले तेव्हा आसपासच्या गावांतले लोक अंगावरच्या कपड्यांनिशी वावरात पळाले होते. आमच्या खिडक्यांच्या काचा फुटल्या. दावणीचा गोऱ्हा बिथरला आणि दावं ओढून ओढून त्यालाच फास बसला. तेव्हापासून आईच्या डोक्यात पक्कं आहे की आवाज आला की आधी दावण सोडायची, मग माणसं उठवायची.

त्या रात्री पाकिस्तानशी लढाई पेटली होती आणि मी बाहेरच्या खोलीत टीव्हीसमोर होतो. आवाज चाळिसावर. दर दोन मिनिटांनी हवाई हल्ल्याचा भोंगा, आणि त्याच्यावर कडी करत निवेदक. आई मागच्या ओसरीत झोपली होती. तिला निवेदक ऐकू आला नाही, भोंगा तेवढा ऐकू आला. मी मागे जाईपर्यंत गाय अंधारात गेली होती आणि आई शेजाऱ्यांचं दार बडवत होती, "डेपो पेटला व माय, लेकरं उचला!"

त्याच वेळी चौकात पानठेल्यावर पोरांच्या मोबाईलवर कराची बंदर उडवल्याची पट्टी आली आणि दिवाळीचे उरलेले सुतळी बॉम्ब निघाले. म्हणजे आईच्या बाजूने पाहा, भोंगाही वाजला आणि पाठोपाठ स्फोटही झाले. तिला खोटं ठरवायला आमच्याकडे काय होतं?

सकाळी गाय शेजाऱ्याच्या उन्हाळी भुईमुगात सापडली. आणि कराची बंदर कराचीतच सापडलं. इस्लामाबाद घेतल्याचं, तिकडच्या लष्करप्रमुखाला पकडल्याचं रात्रभर सांगणाऱ्यांनी सकाळी त्यावर एक अक्षर काढलं नाही. १० मेला सरकारच्या नागरी संरक्षण महासंचालनालयाने वाहिन्यांना कळवलं की कार्यक्रमात हवाई हल्ल्याच्या भोंग्याचा आवाज वापरू नका, लोकांची सवय मरेल आणि खरा भोंगा वाजला तर कोणी हलणार नाही. आईला मी ते वाचून दाखवलं. ती म्हणाली, "दोन दिवस आधी सांगतलं असतं तं भुईमूग वाचला असता."

भाचा नागपूरला शिकतो. तो सुट्टीत आला तेव्हा त्याने मला एक जुनं चित्रण दाखवलं, ते डोक्यातून जात नाही. १० ऑक्टोबर १९९०. दोन महिन्यांपूर्वी इराकने कुवेत गिळलेला. अमेरिकेत खासदारांच्या एका मानवी हक्क मंचापुढे १५ वर्षांची मुलगी रडत साक्ष देते. नाव फक्त नायिरा. आडनाव घरच्यांच्या जिवाला धोका म्हणून सांगत नाही. ती सांगते की मी दवाखान्यात सेवा करत होते, इराकी शिपाई आले, बाळांना काचपेट्यांतून (इन्क्युबेटर) काढून थंड फरशीवर मरायला टाकलं आणि पेट्या घेऊन गेले. हे टीव्हीवर घरोघरी गेलं. राष्ट्राध्यक्ष बुश (थोरले) भाषणांत पुन्हा पुन्हा ते सांगत राहिले. १२ जानेवारी १९९१ ला सिनेटमध्ये युद्धाचा ठराव ५२ विरुद्ध ४७ मतांनी पास झाला, आणि त्या चर्चेतही काचपेट्या होत्याच.

युद्ध संपल्यावर मार्च १९९१ मध्ये एबीसी वाहिनीचा जॉन मार्टिन कुवेतच्या दवाखान्यांत गेला. डॉक्टर म्हणाले, असं काही झालं नाही. बाळं दगावली होती, पण नर्सा-डॉक्टर पळून गेल्यामुळे. मग जानेवारी १९९२ मध्ये जॉन मॅकआर्थर या पत्रकाराने छापलं की ती मुलगी कुवेतच्या अमेरिकेतल्या राजदूताची लेक होती. त्याच वर्षी कॅनडाच्या सीबीसीने 'फिफ्थ इस्टेट' या कार्यक्रमात सगळा व्यवहार उलगडला. हिल अँड नोल्टन नावाच्या जनसंपर्क कंपनीने साक्ष बसवून घेतली होती. त्या मोहिमेचे कंपनीला एक कोटी डॉलरच्या वर मिळाले आणि ते जवळजवळ सगळे कुवेत सरकारचे.

आता मजा बघा. इराकी फौजेने कुवेतमध्ये अत्याचार केले नाहीत असं कोणीच म्हणत नाही. मारलं, लुटलं, माणसं गायब केली. खरं एवढं हाताशी असताना खोटं बसवून घ्यायची गरज का पडली? मला वाटतं खऱ्याला वेळ लागतो आणि ते वेडंवाकडं असतं, टीव्हीच्या चौकटीत मावत नाही. बाळ आणि काचपेटी बरोबर मावते.

तर विचारायचं हे आहे. त्या रात्री आपण टीव्हीला नेमकं काय विचारायला हवं होतं, जे विचारलं नाही? परदेशात ज्यांनी नंतर खोदून काढलं त्यांनी असं काय वेगळं विचारलं?

---

पऱ्हाटी

भुईमुगाचे पैसे च्यानलवाल्याकडूनच मागा भाऊ. सातबारा, पंचनामा अन् भोंग्याची क्लिप जोडून. (हलकेच घ्या.)

---

हिवरखेड_एक्स्प्रेस

वाचतोय. इकडं पोरांनी त्याच रात्री ट्रॅक्टरवर झेंडा लावून मिरवणूक काढली होती. डिझेल मीच दिलं होतं, आता काय बोलू.

---

फौजी_परतवाडा

मी १९ वर्षं नोकरी केली. आधीच सांगतो, पहलगाममध्ये २२ एप्रिलला २६ माणसं मारली ती खोटी नव्हती, आणि ७ मेची कारवाईही खोटी नव्हती. धाग्यात कुवेत आणि हे एका दावणीला बांधू नका. तिथे खोटं युद्ध लावायसाठी होतं. इथे वाहिन्यांनी जे केलं ते युद्ध विकायसाठी होतं.

दुसरं. फौज सगळं सांगू शकत नाही, सांगूही नये. २६/११ ला कमांडो छतावर उतरताना थेट दाखवलं. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कसाबच्या निकालात त्या प्रक्षेपणावर कडक ताशेरे मारले, ते योग्यच. शत्रूला फसवणं तर आमचं कामच आहे. १९९१ च्याच कुवेत युद्धात अमेरिकेने समुद्रातून उतरण्याचे मोठे सराव केले, पत्रकारांना बोलावून दाखवले. इराकी तुकड्या किनाऱ्याकडे तोंड करून बसल्या आणि हल्ला वाळवंटातून वळसा घालून आला. त्यात टीव्ही वापरला गेला, पण माझी त्याला हरकत नाही. त्याने दोन्हीकडचे जीव वाचले असतील.

हरकत आहे ती पुढच्या गोष्टीला. १६ मार्च १९६८, व्हिएतनाममधलं माय लाय. लष्कराचं पहिलं निवेदन होतं की १२८ शत्रू मारले, ३ हत्यारं हस्तगत केली. वर्धाकाठ, तुम्ही विचारता काय विचारायला हवं होतं. हे विचारायला हवं होतं. १२८ लढणारे मेले आणि बंदुका फक्त ३? कंपनीतला कोणताही हवालदार हा हिशेब एका मिनिटात पकडेल. जमिनीवर मेलेले बायका, म्हातारे, लेकरं होते. अमेरिकी लष्कराच्या चौकशीत आकडा ३४७, व्हिएतनामचा ५०४. दीड वर्षाच्या वर हे लोकांपुढे आलं नाही. रॉन रायडनआवर नावाच्या एका माजी सैनिकाने स्वतः खासदारांना पत्रं लिहिली, सेमूर हर्श या पत्रकाराने एकेक माणूस हुडकला, आणि २४ नोव्हेंबर १९६९ ला अमेरिकेतल्या सीबीएस वाहिनीवर मुलाखतकार माइक वॉलेससमोर पॉल मेडलो नावाचा शिपाई बसला. माणसं, बायका, लेकरं, असं एकेक विचारत वॉलेस शेवटी तान्ह्या बाळांपर्यंत आला. तो हो म्हणाला. आवाज चढवला नाही, रडलाही नाही.

ती मुलाखत मी दोनदा पाहिली. त्या पोराचा एक पाय सुरुंगात गेला होता. त्याची आई हर्शला म्हणाली की मी त्यांना चांगलं पोरगं दिलं होतं, त्यांनी त्याला खुनी केलं. माझ्या आईला मी तो भाग दाखवला नाही.

---

बिनकामी

कापसाले भाव नाही, सोयाबीन मातीमोल, अन् तुमाले कुवेतची पडली. काऊन बाप्पा?

---

पऱ्हाटी → बिनकामी

रशिया-युक्रेन लागलं तवा डीएपी खतासाठी रांगेत माया पुढं तूच उभा होता ना बे.

---

बिनकामी → पऱ्हाटी

हो ते खरं हाय. चालू द्या.

---

साकोलीची_ताई

मी आशा सेविका आहे, त्यामुळे काचपेटीवर मलाच लिहावं लागेल.

९ जानेवारी २०२१ च्या पहाटे भंडाऱ्यात नवजात बाळांच्या कक्षात आग लागली आणि दहा बाळं गेली. त्यातल्या आया आमच्यासारख्याच खेड्यांतून आलेल्या. तेव्हापासून आमच्या भागात कोणी 'पेटीत ठेवावं लागेल' म्हटलं की आजी-सासू आधी डोळे पुसते. म्हणून ते खोटं मनाला का लागलं हे मला समजावून सांगायची गरज नाही. कोणत्याही बाईला लागेल. मी पण तिथे असते तर विश्वास ठेवला असता आणि मतही दिलं असतं.

पण धाग्यात नायिराबद्दल वाचल्यावर मी भावाला सांगून पुढचं शोधलं. ती बाळांचा मोठा आकडा बोलली नव्हती. आकडा नंतर वाढत गेला, ३१२ पर्यंत. अॅम्नेस्टीसारख्या मानवी हक्कांच्या मोठ्या संस्थेनेही तो आकडा आपल्या अहवालात घेतला आणि युद्धानंतर मागे घेतला. आता मला सांगा, ३१२ बाळं पेटीतून काढायला निदान तेवढ्या बाळांना पुरतील एवढ्या पेट्या तरी लागतील ना? आमच्याकडे बाळ वजनाने कमी निघालं की मी आधी फोन करून विचारते, जागा आहे का. कधी एका वॉर्मरवर दोन बाळं असतात. एवढुशा देशाच्या दवाखान्यांत एका वेळी तीनशे बाळं पेटीत? पेट्या किती, हे कोणत्याही नर्सला विचारलं असतं तर तिने तोंडावर हात ठेवला असता. खासदारांना सांगितलं, नर्सला नाही विचारलं.

आगीनंतर भंडाऱ्याला कॅमेरेवाले आले होते तेव्हाचं एक सांगते. एका आईला विचारलं, "कसं वाटतंय?" ती बोललीच नाही. बाजूची मुलगी पटकन रडून बोलायला लागली, ती त्या बाळाची कोणीच नव्हती, पाहायला आलेली. माईक तिच्याकडे वळला. संध्याकाळी टीव्हीवर तीच होती.

---

कृषीकेंद्र_दारव्हा

ताईंचा प्रतिसाद वाचून गप्प बसावंसं वाटत होतं, पण धंद्यातली एक गोष्ट सुचली.

बोगस बियाणं कसं विकलं जाते? पिशवी चकचकीत, वर बोंडाचा फोटो. शेतकरी फोटो पाहते. मी पाहतो लॉट नंबर, टॅग, अन् बिल कोणाच्या नावचं आहे ते. ज्या पिशवीचं बिल मिळत नाही तिचा फोटो नेहमी जास्त चांगला असते, हा माझा वीस वर्षांचा अनुभव आहे.

५ फेब्रुवारी २००३ ला अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल संयुक्त राष्ट्रांत बसून इराककडे चालतीफिरती जंतू-प्रयोगशाळा आहे म्हणून सांगत होते. हातात छोटी कुपी धरली ती सगळ्यांनी पाहिली. पडद्यावर ट्रक होते. ते ट्रक नीट पाहा. फोटो नव्हते ते, चित्रकाराकडून काढून घेतलेली चित्रं होती! म्हणजे बोंडाचा फोटोही नाही, बोंडाचं चित्र. बिल कोणाचं? जर्मनीत आश्रय मागणाऱ्या एका इराकी इंजिनीअरचं, टोपणनाव 'कर्व्हबॉल'. त्याची चौकशी जर्मन करत होते, अमेरिकेच्या हाती त्याच्या जबाबांचे अहवाल होते. म्हणजे माल पाहिला नाही, पिकवणारा पाहिला नाही, दलालाच्या चिठ्ठीवर गाडी भरून दिली. २० मार्च २००३ ला युद्ध सुरू. २००४ मध्ये अमेरिकेच्याच शोधपथकाने अहवाल दिला की असल्या शस्त्रांचे साठे नाहीत.

कर्व्हबॉल कोण, हे नोव्हेंबर २००७ मध्ये सीबीएसच्या 'सिक्स्टी मिनिट्स'ने नाव-चेहऱ्यासकट दाखवलं. २०११ मध्ये तो स्वतःच म्हणाला की मी खोटं बोललो. पॉवेलनेही २००५ मध्ये टीव्हीवर कबूल केलं की ते भाषण माझ्यावरचा डाग आहे. पण माणूस निदान डाग म्हणाला. आमच्याकडे दुबार पेरणी झाल्यावर कंपनीचा माणूस म्हणते, पाऊसच बरोबर पडला नाही.

---

तालुका_बातमीदार

एवढं सगळं वाचून माझ्या पोटात गोळा आला, कारण मी स्ट्रिंगर आहे. एका वाहिनीला तालुक्यातून बातम्या देतो. कोणती ते सांगत नाही, पोटाचा प्रश्न आहे.

व्यवहार असा. मला पगार नाही, लागलेल्या बातमीमागे पैसे मिळतात, तेही तीन-चार महिन्यांनी. बातमी लागली नाही तर पेट्रोल माझं. बूम (वाहिनीचा माईक) माझ्या गाडीच्या डिकीत असतो. डेस्कवरचं पोरगं पंचविशीचं, ते कधी नागपूरच्या पुढे आलेलं नाही. त्याला हवी असतात व्हिज्युअल आणि दोन बाईट (कोणाचं तरी बोलणं), वीस मिनिटांत. त्या वीस मिनिटांत दुसऱ्या वाहिनीने पट्टी चालवली तर मला फोन, "त्यांच्याकडे आहे, आपल्याकडे का नाही?" 'खरं आहे का' हा प्रश्न डेस्कने मला अकरा वर्षांत दोनदा विचारला असेल. 'कोणाकडे लागलं का' हा रोज विचारतात.

८ मेच्या रात्री मलाही फोन आला होता. "डेपोच्या गेटवर जा, मागे गेट दिसू दे, लाइव्ह दे." मी नाही म्हटलं. केंद्राच्या माहिती-प्रसारण मंत्रालयाची २६ एप्रिलचीच सूचना होती की संरक्षणाच्या हालचाली थेट दाखवू नका. मोठेपणा घेत नाही, गाडीत पेट्रोल पण नव्हतं.

सप्टेंबर २०२१ आठवतं का कोणाला? अफगाणिस्तानातल्या पंजशीर खोऱ्यावर पाकिस्तानी विमानांचा हल्ला म्हणून आपल्याकडच्या काही वाहिन्यांनी 'आर्मा ३' नावाच्या व्हिडिओ गेमची दृश्यं चालवली. माझ्या पुतण्याने पाहून सांगितलं, "काका, ही गेम माझ्याकडे आहे."

वर्धाकाठ, खोदणारे वेगळं काय विचारतात ते मला माहीत नाही असं नाही, पण ते विचारायला महिने लागतात आणि महिनाभर मला जेवू कोण घालणार? मॅक्स स्टाल नावाचा एक कॅमेरामन होता. १२ नोव्हेंबर १९९१ ला पूर्व तिमोरमध्ये दिलीच्या सांताक्रूझ दफनभूमीत इंडोनेशियाच्या सैन्याने मिरवणुकीतल्या लोकांवर गोळ्या चालवल्या. त्याने थडग्यांमध्ये लपून ते टिपलं, पकडले जाण्याआधी कॅसेट तिथेच एका ताज्या कबरीत पुरल्या, आणि सुटल्यावर रात्री जाऊन उकरून काढल्या. ते चित्रण जगभर गेलं नसतं तर सरकारी निवेदन तेवढं उरलं असतं. मी ही गोष्ट कॅमेरा शिकणाऱ्या पोरांना सांगतो. त्यांना पटत नाही की चित्रण दाखवायसाठी आधी पुरावं लागतं.

आणि चांगल्यांकडेही एक बोट दाखवतो. अबू गरीब तुरुंगातले इराकी कैद्यांच्या छळाचे फोटो सीबीएसने २८ एप्रिल २००४ ला दाखवले, त्यांचं नाव झालं. पण फोटो हातात असताना त्यांनी अमेरिकेच्या संयुक्त सेनादल प्रमुखांच्या विनंतीवरून दोन आठवडे बातमी थांबवली होती. दुसरा पत्रकार छापणार हे कळलं तेव्हा लावली. म्हणजे 'दुसऱ्याकडे लागलं का' तिकडेही आहेच.

---

फौजी_परतवाडा → तालुका_बातमीदार

दोन आठवडे थांबवली यात मला गैर दिसत नाही. तेव्हा इराकमधल्या फलुजात लढाई पेटली होती, ओलीस होते.

---

तालुका_बातमीदार → फौजी_परतवाडा

साहेब, आतल्या कैद्याचे दोन आठवडे पण मोजा.

---

फौजी_परतवाडा → तालुका_बातमीदार

मोजले. बरोबर आहे तुमचं.

---

चूल_विझली

मी नवीन सदस्य. युद्धाबद्दल फार माहिती नाही, कॅमेऱ्याबद्दल आहे.

माझ्या काकांनी मोनोक्रोटोफॉस (फवारणीचं विष) घेतलं त्याला बरीच वर्षं झाली. तेराव्याच्या आधीच मोठ्या शहरातून एक पथक आलं. चांगली माणसं होती, काकूला वाकून नमस्कार केला. घरात सिलिंडर होता. त्यांनी काकूला विचारलं, चूल आहे का? मागच्या अंगणात पाणी तापवायची होती. तिथे बसवलं. फणकाडं पेटवायला लावलं. धूर झाला पाहिजे म्हणून ओलं लावा म्हणाले. काकू म्हणाली, "ओलं कोण लावते?" तरी लावलं. धुराने डोळ्यांत पाणी आलं, ते त्यांनी जवळून घेतलं. मग फोटोचा हार बदलायला लावला, जुना सुकला होता. "काकू, पुन्हा एकदा, त्या दिवशी सकाळी काय झालं?" चार वेळा विचारलं. चौथ्यांदा काकूने पाठ केल्यासारखं सांगितलं. तेच लागलं.

मी ते दिल्लीतल्या नातेवाईकांकडे पाहिलं. सगळे रडले, मीही रडलो. त्यात एक गोष्ट खोटी नव्हती, फक्त चूल.

दोन महिन्यांनी एक बाई एकटी आली. पहिल्या दिवशी कॅमेरा काढलाच नाही. सातबारा मागितला, सोसायटीचं पासबुक पाहिलं, सावकाराची चिठ्ठी कुठे आहे विचारलं. काकू म्हणाली चिठ्ठी कपाशीच्या पोत्यात होती, पोतं विकलं. ती बाई जिनिंगवर जाऊन त्या पोत्यांची पावती घेऊन आली! बँकेत गेली, व्याजाचा हिशेब काकूला समजावून सांगितला, तो आम्हाला कोणालाच माहीत नव्हता. तिसऱ्या दिवशी कॅमेरा काढला तेव्हा काकू गॅसवर चहा ठेवत होती. "राहू दे," म्हणाली. तिचा कार्यक्रम वीस मिनिटांचा झाला, आमच्या गावात कोणी पाहिला नाही. पण तहसीलमधून त्या आठवड्यात दोन फोन आले.

पहिल्या पथकावर माझा राग नाही. पण आता टीव्हीवर कोणाच्या डोळ्यांत पाणी दिसलं की मी आधी लाकूड ओलं आहे का पाहतो. ही वाईट खोड लागली आहे, माणूस निबर होतो.

---

साकोलीची_ताई → चूल_विझली

निबर नाही हो भाऊ. काकूंना नमस्कार सांगा.

---

माडिया_मास्तर

गडचिरोलीच्या एटापल्ली तालुक्यात, माडिया आदिवासींच्या भागात, जिल्हा परिषदेच्या शाळेत माझी चौदा वर्षं गेली. नाव यावरूनच. नक्षल्यांच्या आणि पोलिसांच्या मधे सापडलेल्या गावांबद्दल इथे मी तपशील लिहिणार नाही, तिथे अजून माझे विद्यार्थी राहतात. भाषेबद्दल मात्र लिहितो.

ऑगस्ट १९६५. सीबीएसचा मॉर्ली सेफर व्हिएतनाममध्ये कॅम ने नावाच्या खेड्यात अमेरिकी मरीन सैनिकांबरोबर गेला. शिपायाने खिशातला सिगरेटचा लायटर काढला आणि झोपडीच्या छपराला लावला. झोपडी गवताची. हे टीव्हीवर लागलं. राष्ट्राध्यक्ष जॉन्सनने वाहिनीच्या प्रमुखाला फोन करून शिव्या घातल्याचं प्रसिद्ध आहे. सगळ्यांना लायटर आठवतो. मला सेफरच्या निवेदनातलं दुसरंच वाक्य आठवतं. त्या मोहिमेत हाती लागले ते चार म्हातारे कैदी, आणि सेफर सांगतो की इंग्रजीत विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं त्यांना देता आली नाहीत, ओळखपत्र म्हणजे काय हेही त्यांना ठाऊक नव्हतं.

हे वाक्य ऐकून मी मोबाईल बाजूला ठेवला. माझ्या शाळेत पहिल्या वर्षी एका मुलाला मी मराठीत विचारलं, "काल का नाही आलास?" तो गप्प. पुन्हा विचारलं, गप्प. मी त्याला कोपऱ्यात उभं केलं. दुपारी स्वयंपाकीण बाईंनी माडियात विचारलं तेव्हा तो भडाभडा बोलला. बहीण आजारी होती, तो रात्रभर चालून तिला दवाखान्यात पोचवून आला होता. माझ्या हजेरीपटावर त्या दिवशी 'उद्धट' असा शेरा आहे. मी खोडला नाही अजून. खोडायचा कसा, वह्या कार्यालयात जमा आहेत.

आमच्याकडे पत्रकार यायचे ते दोन प्रकारचे. एक जो दुभाषा गाडीत घेऊन येतो, म्हणजे ज्याने गाडी दिली त्याचाच माणूस. गावकरी पाच मिनिटं बोलायचा आणि दुभाषा एका ओळीत सांगायचा, "तो म्हणतो, आम्ही सुखी आहोत." दुसरा जो गोटुलाशेजारी (गावाच्या सामाईक घराशेजारी) मुक्काम टाकायचा आणि आठवडी बाजारात भेटणाऱ्या तिसऱ्याच माणसाकडून तेच पुन्हा वदवून घ्यायचा. दुसऱ्या प्रकारचे मी दोन पाहिले. चौदा वर्षांत.

वर्धाकाठ, इथे हवालदाराने बंदुका मोजल्या, ताईंनी पेट्या मोजल्या, दारव्हेकरांनी टॅग मागितला. मी विचारतो, कोणत्या भाषेत विचारलं आणि दुभाषा कोणाचा. त्या रात्री कराचीबद्दल सांगणारा माणूस कुठे उभा होता, एवढं जरी कोणी विचारलं असतं तरी तो स्टुडिओतच उभा आहे हे दिसत होतं.

---

बिनकामी

धागा जमला बाप्पा. कुवेतवरून माफी.

---

वर्धाकाठ (धागाकर्ता)

सगळ्यांचे आभार. पाऊस आला, दोन दिवस लाइन नव्हती, म्हणून उशीर.

मास्तरांचा प्रतिसाद वाचून काल समाजमंदिरात शाळेचा प्रोजेक्टर लावून कॅम नेचं ते चित्रण दाखवलं. भाच्याने इंग्रजी थांबवून थांबवून वऱ्हाडीत सांगितलं. तीसेक लोक होते, निम्मे पावसामुळे आत आलेले. छपराला लायटर लावला तेव्हा आवाज बंद झाला सगळा. मग मागून म्हाताऱ्या बोलायला लागल्या. पऱ्हाटीच्या फणकाड्यांचं कूड कसं धरते, छप्पर आधी कोणत्या बाजूनं पडते, १९७२ च्या आसपास कोणाचं गोठ्यासकट गेलं होतं. पंधरा मिनिटं त्याच चालल्या. अमेरिका कुठेच नाही. चार म्हाताऱ्यांचं वाक्य भाच्याने सांगितलं तेव्हा आमची आई म्हणाली, "मले तं टीव्हीवाल्याचं हिंदीही पुरं समजत नाही. भोंगा समजला."

फौजी भाऊ, मेडलोची मुलाखत पुढच्या शनिवारी लावू का, यावर घरात वाद चालू आहे. तुम्ही आईला दाखवली नाही, ते वाचून मीही थांबलो आहे. बातमीदार भाऊंनी येऊन कॅमेऱ्याबद्दल बोलावं अशी पोरांची इच्छा आहे. पेट्रोल आम्ही देऊ.

शेजाऱ्याने भुईमुगाचे पैसे घेतले नाहीत. त्याचं म्हणणं, त्या रात्री सुतळी बॉम्ब त्याच्याच पोराने लावले होते.

आई आता झोपायच्या आधी टीव्हीची पिन काढते आणि उशाशी घेऊन झोपते.